कोल्हापूरचा कॅमेरा आणि सावकारी पाश



कामगार संघटनेत उभे आयुष्य घालवलेला माणूस वसंत व्याख्यानमालेच्या व्यासपीठावर आला, की तो महागाई, बोनस नाहीतर कंत्राटी पद्धत यांवर बोलणार, असे श्रोते गृहीत धरून बसतात. ते विषय आम्ही टाकलेले नाहीत. परंतु आज आम्ही आपल्यापुढे एका चित्रकाराची, एका कारागिराची आणि एका चित्रपटकाराची हकीकत मांडणार आहोत. ही तीन माणसे नसून एकच माणूस आहे. त्यांचे नाव बाबूराव कृष्णराव मेस्त्री. महाराष्ट्र त्यांना बाबूराव पेंटर या नावाने ओळखतो.

या गृहस्थांनी नाटकांचे पडदे रंगवले, कॅमेरा बनवला, पौराणिक चित्रपट काढले, ऐतिहासिक काढले, सामाजिक काढला, चित्रपटांची भित्तिपत्रके रंगवली आणि पुतळे घडवले. एका आयुष्यात इतके उद्योग करणाऱ्या माणसाला लोक हौशी म्हणतात. आम्हांस ते योग्य वाटत नाही. बाबूरावांचे सगळे उद्योग एकाच मुळातून फुटलेले होते, आणि ते मूळ म्हणजे हाताची कारागिरी. आमच्यापुढचा प्रश्न निराळा आहे. ज्या माणसाने आपले हत्यार स्वतःच्या हातांनी घडवले, त्याला आपली कंपनी का टिकवता आली नाही? हा प्रश्न चित्रपटवाल्यांपुरता नाही. ज्याच्या घरी वखर आहे, शिलाईयंत्र आहे किंवा हप्त्यावर घेतलेला रिक्षा आहे, त्या प्रत्येकाचा तो आहे.

बाबूरावांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापुरात झाला. वडील कृष्णराव हे हरहुन्नरी कारागीर होते. घरात पटाशी, करवत, कानस आणि कुंचला एकाच फळीवर नांदत असावेत असे ते घर. कलाशाळेचा दाखला बाबूरावांपाशी नव्हता. चित्रकला आणि मूर्तिकला ते पाहून, करून आणि चुकून शिकले. आमच्यासारख्या अर्ध्यावर शाळा सुटलेल्या माणसाला ही गोष्ट ऐकून धीर येतो हे खरे. परंतु तिचा अर्थ नीट लावला पाहिजे. बाबूराव गुरूवाचून शिकले नाहीत. त्यांचा वर्ग घरातच भरत होता, आणि त्यांच्याबरोबर त्यांचे चुलतबंधू आनंदराव त्याच वर्गात बसत होते.

१९१० च्या सुमारास ही भावांची जोडी नाटक कंपन्यांचे पडदे रंगवू लागली. तो संगीत नाटकाचा बहराचा काळ. पडदा वर गेला की राजवाडा दिसायचा, पुढचा पडदा पडला की अरण्य. सपाट कापडावर खोली दाखवणे, म्हणजे पाहणाऱ्याला चार हातांवरचा खांब चाळीस हातांवर भासवणे, हे त्या कामातले मर्म. या कामात दोघा भावांनी इतका लौकिक मिळवला की मेस्त्री हे आडनाव मागे पडून पेंटर हेच नाव झाले. धंद्यावरून आडनाव पडण्याची आपली जुनी चाल आहे. फक्त या वेळी धंद्याचे नाव इंग्रजी होते.

३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. तो पाहून या दोघा भावांना पडदे रंगवणे अपुरे वाटू लागले. आपणही हलते चित्र काढावे, असे त्यांनी मनावर घेतले. फाळके १९१२ मध्ये विलायतेस जाऊन कॅमेरा आणि इतर सामग्री घेऊन आले होते. कोल्हापूरच्या रंगाऱ्यांना विलायत कोठली परवडणार? त्यात १९१४ मध्ये युद्ध पेटले आणि परदेशी यंत्रसामग्री मिळणे दुरापास्त झाले. भावांनी मुंबईच्या जुन्या बाजारातून एक प्रोजेक्टर, म्हणजे चित्र पडद्यावर फेकण्याचे यंत्र, मिळवले. त्याची घडण समजून घेतली आणि उलट विचार केला. जे यंत्र फीत चालवून चित्र बाहेर टाकते, त्याच्याच चालीवर चित्र आत घेणारे यंत्र का होऊ नये?

येथे आम्ही थोडे यंत्राविषयी बोलतो. त्यावाचून या कामाची थोरवी कळणार नाही. चित्रपटाची फीत ३५ मिलिमीटर रुंद असते. तिच्या दोन्ही कडांना छिद्रे असतात, एका चित्रामागे प्रत्येक बाजूस ४. एका फुटात १६ चित्रे बसतात. मूकपटाच्या काळी कॅमेरा हाताने फिरवीत. दांडीचा एक फेरा म्हणजे ८ चित्रे, आणि सेकंदाला साधारण २ फेरे. फीत सरळ धावत गेली तर नुसता धूसर पट्टा उमटेल. म्हणून आतील नखी फितीच्या छिद्रात शिरते, फीत एक चित्रभर खाली ओढते आणि सोडून देते. फीत थांबली की भिंगामागची झडप उघडते. फीत हलली की झडप मिटते. ओढणे, थांबणे, उघडणे, मिटणे ही क्रिया सेकंदाला १६ वेळा, एकदाही न चुकता व्हावी लागते. हजार फुटांच्या रिळात ती १६,००० वेळा होते. नखी केसभर वाकडी असली तर पडद्यावरचा माणूस हिवतापाने थरथरल्यासारखा दिसतो. आमच्या जिनिंगमधले जुने फिटर सांगतील, की असा एक सांधा हाताने घासून बसवण्यात दिवसच्या दिवस जातात.

काम चालू असतानाच, १९१६ मध्ये, आनंदराव वारले. पडदे रंगवण्यातला आणि यंत्र जुळवण्यातला जोडीदार गेला. बाबूरावांनी काम सोडले नाही. त्यांच्या हाताखाली विष्णुपंत दामले नावाचा यंत्रात डोके चालणारा तरुण होता. गुरुशिष्यांनी मिळून १९१८ मध्ये कॅमेरा चालता केला. आपल्या देशात घडलेला पहिला चित्रपट-कॅमेरा म्हणून त्याची नोंद केली जाते.

हत्यार तयार झाले. भांडवल कोठून यावे? कॅमेरा घरी घडवता येतो, परंतु कच्ची फीत परदेशातून येते आणि रोख मागते. नट, पोशाख, रसायने, जागा या सगळ्यांना पैसा लागतो. महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली ती तानीबाई कागलकर या गायिकेने दिलेल्या पैशांवर. प्रतिष्ठित समाजाने जिच्या गाण्याला दाद द्यायची पण जिला आपल्या पंक्तीला बसवायचे नाही, अशा बाईने महाराष्ट्राच्या चित्रपटाला पहिले भांडवल पुरवले, हे आमच्या मते सोन्याच्या अक्षरांनी लिहावे असे आहे. शाहू छत्रपतींचा आश्रयही कंपनीला लाभला. ज्या राजाने २६ जुलै १९०२ रोजी आपल्या संस्थानात मागासलेल्या वर्गांसाठी निम्म्या जागा राखून ठेवल्या, त्याच्या नगरीत हा कारखाना निघाला, हा निव्वळ योगायोग मानण्यास आमचे मन तयार होत नाही.

कारखाना हा शब्द आम्ही जाणून वापरला. तेथे कोण होते पाहा. मुख्य कारागीर बाबूराव मेस्त्री. यंत्राला हात घालणारे दामले. रंग आणि देखावे सांभाळणारे शेख फत्तेलाल, ज्यांना सारे प्रेमाने साहेबमामा म्हणत. आणि मिळेल ते काम करणारा एक पोरगा, शांताराम वणकुद्रे, जो आधी नाटक कंपनीत राहून आलेला होता आणि हुबळीच्या रेल्वे कारखान्यातही राबून आलेला होता. हाच पुढे व्ही. शांताराम या नावाने देशभर गाजला. या कारखान्यात अमुक काम माझे नाही असे म्हणण्याची सोय नव्हती. सकाळी देखावा उभा करणारा हात दुपारी कॅमेऱ्याची दांडी फिरवी आणि रात्री फीत धुई. जातीधर्माने एकमेकांपासून लांब असलेली माणसे एका कामापायी एका छपराखाली आली आणि एकमेकांची विद्या उचलत गेली. संघटनेच्या शिबिरात आम्ही एकजुटीवर पुष्कळ बोलतो. सामायिक कामाइतकी पक्की एकजूट दुसऱ्या कशाने होत नाही, हा आमचा अनुभव आहे.

१९२० मध्ये कंपनीचा ‘सैरंध्री’ पडद्यावर आला. चित्रपटात काम करणे त्या काळी कुलीन बायकांना निषिद्ध होते. पुरुषाला लुगडे नेसवून वेळ मारून नेण्याची पद्धत होती. बाबूरावांनी स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनाच दिल्या. गुलाबबाई आणि अनसूयाबाई या दोघी कमलादेवी आणि सुशीलादेवी या नावांनी पडद्यावर आल्या. भीम कीचकाला ठार करतो तो प्रसंग इतका हुबेहूब वठला की प्रेक्षक हादरले आणि तो भाग कापावा लागला. लोकमान्य टिळकांनी हा चित्रपट पाहून बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली. त्याच वर्षी १ ऑगस्टला लोकमान्य गेले.

पडदे रंगवून नाव मिळवलेल्या या माणसाने चित्रपटात रंगवलेले पडदे मात्र हद्दपार केले. कॅमेऱ्यापुढे सपाट पडदा सपाटच दिसतो, हे त्यांनी ओळखले. त्यांनी खांब, कमानी, जिने यांचे खरेखुरे उठावाचे देखावे उभे केले. पात्रांचे पोशाख आणि हालचाली ते आधी कागदावर रेखाटून घेत. तेव्हाच्या फितीचा एक स्वभाव होता. तिला लाल रंग दिसत नसे. लाल कुंकू काळे उमटे, निळे आकाश पांढरे फटक पडे. कुठला रंग फितीवर कुठल्या छटेचा होईल, याचा हिशेब ज्याच्या डोळ्यात पक्का, त्याचे चित्र खुले. हा हिशेब चित्रकाराला अवगत होता. १९२३ च्या ‘सिंहगड’ चित्रपटात, हरिभाऊ आपटे यांच्या कादंबरीवरून घेतलेल्या कथेत, गडावरचा रात्रीचा प्रसंग होता. सूर्याच्या उजेडात चित्रे घेण्याच्या त्या जमान्यात बाबूरावांनी कृत्रिम प्रकाश वापरून रात्र दाखवली. पुढच्या वर्षीच्या ‘कल्याण खजिना’ची भित्तिपत्रके त्यांनी स्वतः रंगवली, आज उपलब्ध असलेल्या भारतीय चित्रपट-भित्तिपत्रकांत ती सर्वांत जुन्यांपैकी मानली जातात.

आणि मग १९२५ साल उजाडले. बाबूरावांनी ‘सावकारी पाश’ काढला. यात देव नाहीत, राजे नाहीत, तलवारी नाहीत. एक शेतकरी आहे, तो कर्ज काढतो, सावकार त्याची जमीन गिळतो आणि तो शेतकरी शहरात जाऊन गिरणीकामगार होतो. एवढीच गोष्ट. शेतकऱ्याच्या भूमिकेत शांताराम होते. एक प्रसंग पाहणाऱ्यांच्या मनातून कधी गेला नाही, असे नमूद आहे. दारिद्र्याने काळवंडलेली एक झोपडी, अपुरा उजेड, आणि बाहेर रडणारा कुत्रा. मूकपट होता, म्हणजे कुत्र्याचा आवाज नव्हता. न ऐकू येणारा आवाज लोकांच्या कानात बसला, यावरून त्या चित्राचे बळ कळावे.

आम्ही या चित्रपटापाशी थांबणार आहोत, कारण यवतमाळात बसून ‘सावकारी पाश’ची गोष्ट परकी वाटत नाही. सावकाराचा पाश बाबूरावांच्या कल्पनेतून निघालेला नव्हता. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे गावच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरादुकानांवर चाल केली आणि कर्जरोखे जाळले. ते दंगे पसरले, चौकशी झाली आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी सरकारला कायदा करावा लागला. इकडे आपल्या वऱ्हाडात १८६१ ते १८६५ च्या अमेरिकेतील यादवीने कापसाची मागणी भडकली. १८६७ मध्ये रेल्वे नागपूरला पोचली. पुढे यवतमाळ–मूर्तिजापूर ही अरुंद मापाची गाडी आली, जिला आपण ‘शकुंतला’ म्हणत आलो आणि जी आता बंद आहे. ज्वारीच्या जागी कापूस आला, म्हणजे खाण्याच्या जागी विकण्याचे पीक आले. विकण्याच्या पिकाला बियाण्यापासून वेचणीपर्यंत रोकड लागते, आणि रोकड सावकारापाशी असते. ज्याची जमीन गेली तो नागपूरच्या एम्प्रेस मिलची वाट धरू लागला. ती गिरणी १८७७ पासून चालू होती. कापूस पिकवणारा हात त्याच कापसाचे सूत कातायला, परंतु आता मजूर म्हणून, उभा राहिला. बाबूरावांच्या पडद्यावर दिसला तो हाच रस्ता.

हा रस्ता १९२५ मध्ये संपला असता तर आम्ही या चित्रपटाला इतिहास म्हणून सोडून दिले असते. १९ मार्च १९८६ रोजी आपल्याच जिल्ह्यातील महागाव तालुक्याच्या चिलगव्हाण गावचे एक कास्तकार कुटुंब, नवरा, बायको आणि चार लेकरे, या जगातून निघून गेले. त्यांच्या स्मरणार्थ दर वर्षी त्या दिवशी अनेक लोक अन्नत्याग करतात. आपल्या जिल्ह्याचे नाव देशाच्या वर्तमानपत्रांत कशासाठी येते, हे आपणांस सांगायला नको. जानेवारी २०१९ मध्ये येथे भरलेल्या ९२ व्या साहित्य संमेलनाचे उद्घाटन आत्महत्याग्रस्त शेतकरी कुटुंबातील एका भगिनीच्या हस्ते झाले. सावकाराने कर्जापोटी गहाणखताऐवजी खरेदीखत करून घ्यायचे आणि पुढे जमीनच आपली म्हणायची, ही चाल इतकी पक्की रुजली होती की २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी कायद्यात अशी खरेदीखते रद्द करून जमीन मूळ मालकाला परत देण्याचा अधिकार निबंधकाला द्यावा लागला. बाबूरावांनी मांडलेल्या गोष्टीला कायद्याच्या पुस्तकात इतक्या वर्षांनी मिळालेले हे उत्तर.

‘सावकारी पाश’ जाणकारांनी वाखाणला. वास्तवाला भिडणारा आपल्या देशातला पहिला चित्रपट, असे त्याला म्हटले जाते. सामान्य प्रेक्षकाने मात्र त्याकडे पाठ फिरवली. दिवसभर जो स्वतः पाशात असतो, तो रात्री तिकीट काढून पुन्हा पाश कशाला पाहील? त्याला कृष्णाचा चमत्कार हवा असतो आणि मावळ्याची तलवार हवी असते. आम्ही त्या प्रेक्षकाला दोष देत नाही. लहानपणी जत्रेतल्या तंबूत चटईवर बसून आम्हीही तलवारीच्याच वेळी टाळ्या पिटल्या आहेत. कंपनी पुन्हा पौराणिक आणि ऐतिहासिक कथांकडे वळली. बाबूरावांना पुढची फीत विकत घ्यायची होती.

आता आम्ही आमच्या मूळ प्रश्नाकडे येतो. १ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी स्थापन झाली. दामले, फत्तेलाल, शांताराम आणि केशवराव धायबर हे चौघे कारागीर, आणि भांडवल घालणारे सीतारामपंत कुलकर्णी, अशी पाच जणांची भागीदारी. चौघेही महाराष्ट्र फिल्म कंपनीतून आलेले. गुरूच्या कारखान्याचे हात गेले. १९३० च्या ‘लंका’ चित्रपटानंतर महाराष्ट्र फिल्म कंपनीचे काम थांबले. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईत ‘आलम आरा’ झळकला आणि चित्रपट बोलू लागला. बोलपटाने चित्राची भाषा मागे पडेल, असे बाबूरावांचे मत होते.

काही म्हणतात, बाबूराव अव्यवहारी होते; एकेका दृश्यावर रेंगाळत, हिशेब पाहत नसत. काही म्हणतात, शिष्य कृतघ्न निघाले. आम्ही कामगारांच्या बाजूने विचार करतो, म्हणून आम्हांस तिसरी गोष्ट दिसते. महाराष्ट्र फिल्म कंपनीत विद्या सर्वांची होती. मालकीत सर्वांचा वाटा नव्हता. ज्यांनी कॅमेरा जुळवला, देखावे उभारले, भूमिका केल्या, ते गेले तेव्हा त्यांच्या मागे हिस्सा म्हणून काही उरले नाही, आणि राहिले असते तरी हाती काही आले नसते. ‘प्रभात’ने ही उणीव ओळखली. हातांनी काम करणारे तेथे भागीदार झाले. १९३२ मध्ये त्यांनी ‘अयोध्येचा राजा’ काढला. १९३३ मध्ये कंपनी पुण्यास गेली. १९३६ चा दामले-फत्तेलाल यांचा ‘संत तुकाराम’ १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. कोल्हापुरातल्या एका सुताराच्या पोराने लावलेल्या शाळेचे हे फळ होय.

तथापि ‘प्रभात’लाही अमरत्व लाभले नाही. १९४२ मध्ये शांताराम बाहेर पडले आणि १९५३ मध्ये कंपनी मिटली. पाच जण भागीदार झाले, परंतु त्या आवारात राबणारे बाकीचे लोक पगारीच राहिले, ही बाजूही आम्ही सांगितली पाहिजे. चित्रपटातल्या निरनिराळ्या कामांच्या संघटनांचा पश्चिम भारतातील महासंघ १९५६ मध्ये उभा राहिला. चित्रपट कामगाराला लेखी कराराशिवाय कामावर घेऊ नये, असा कायदा संसदेने १९८१ मध्ये केला. २०२० च्या श्रमसंहितेत त्याचा समावेश करण्यात आला. म्हणजे बाबूरावांनी कॅमेरा बनवल्यापासून, कॅमेऱ्यामागे उभ्या राहणाऱ्याच्या हाती कराराचा कागद द्यावा हे ठरायला ६३ वर्षे लागली.

कंपनी बंद पडल्यावर बाबूराव काय करते झाले? त्यांनी दुसऱ्यांच्या कंपन्यांत दिग्दर्शन केले. शालिनी सिनेटोनसाठी १९३५ मध्ये ‘उषा’, १९३६ मध्ये पुन्हा ‘सावकारी पाश’, या वेळी बोलपट, आणि १९३७ मध्ये ‘प्रतिभा’. ज्या चित्रपटाने पहिल्या वेळी गल्ला भरला नाही, तोच माणूस अकरा वर्षांनी पुन्हा काढतो, यावरून ती कथा त्याच्या किती जिव्हाळ्याची होती हे ध्यानी येईल. १९४७ च्या ‘लोकशाहीर रामजोशी’च्या दिग्दर्शनात त्यांचे आणि शांतारामांचे नाव एकत्र आले. मालक झालेल्या शिष्याने गुरूला आपल्या राजकमल कंपनीत बोलावले. १९५२ चा ‘विश्वामित्र’ हा त्यांचा अखेरच्या काळातला चित्रपट. मधल्या काळात कुंचला आणि माती त्यांनी सोडली नव्हती. कोल्हापूरच्या शिवाजी चौकातला महाराजांचा अर्धपुतळा त्यांच्या हातचा. १६ जानेवारी १९५४ रोजी कोल्हापुरातच त्यांचे निधन झाले.

त्यांच्या मूकपटांपैकी फारच थोडे उरले. १९२७ चा ‘मुरलीवाला’ पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहे. ते संग्रहालय १९६४ मध्ये निघाले, म्हणजे बाबूराव गेल्यानंतर दहा वर्षांनी. १९२५ चा ‘सावकारी पाश’ आज कोणालाही पाहता येत नाही. त्या काळची फीत नायट्रेटची; ठिणगी लागताच पेटणारी आणि नुसती पडून राहिली तरी कुजणारी. फितीतली चांदी काढून घेण्यासाठी जुनी रिळे मोडीत घालण्याचीही रीत होती. ज्या मालाची कमाई संपली तो माल ठेवायचा कशाला, असा व्यापाराचा हिशेब असतो. कुत्रा रडतो ती झोपडी आता फक्त पाहणाऱ्यांच्या शब्दांत उरली आहे.

शेवटी आजच्याविषयी दोन शब्द. आपल्या शहरात कॅमेरा चालवून पोट भरणारी तरुण मुले शेकड्याने नाही तरी डझनांनी सापडतील. लग्नसराईत लग्ने, निवडणुकीत सभा, एरवी कोणाचा वाढदिवस तर कोणाच्या दुकानाची जाहिरात. त्यांतले काही जण मनात गोष्ट घेऊन हिंडत असतात. रात्री मित्र जमवून छोटा चित्रपट करतात, भुताचा, नाहीतर पोलिसांचा, नाहीतर आपल्याच गावच्या बोंडअळीचा. अशी काही मुले आमच्या कचेरीत येऊन बसतात. त्यांचा कॅमेरा बाबूरावांच्या कॅमेऱ्याहून हजारपट चलाख आहे. परंतु तो हप्त्यावर घेतलेला असतो. दोन हंगाम कोरडे गेले, हप्ते थकले, की तो कर्ज देणाराच्या कपाटात जाऊन बसतो. काम झाल्यावर पैसे कधी मिळतील याचा कागद नसतो, आणि काढलेले चित्र कोणाचे याचाही कागद नसतो. बाप कास्तकार आणि मुलगा कॅमेरावाला. धंदा बदलला, गाठ तीच राहिली.

बाबूरावांच्या चरित्रातून आम्हांस जे दिसते ते एवढेच. हत्यार आपले असले म्हणजे माणूस स्वतंत्र झाला, असे होत नाही. हत्यारापुढे कच्चा माल आहे, मालापुढे बाजार आहे आणि या सर्वांमागे भांडवल आहे. बाबूरावांनी यांतली पहिली पायरी कानशीने घासून जिंकली. उरलेल्या पायऱ्या एकट्याने जिंकण्यासारख्या नव्हत्या, आजही नाहीत. तानीबाईंचा पैसाही भांडवलच होता. त्याने कंपनी उभी केली. तेव्हा पैसा वाईट असे आमचे म्हणणे नाही. तो कोणत्या अटीवर येतो, आणि काम करणाऱ्यांचा त्यात हिस्सा काय राहतो, एवढे पाहावे. आमच्या या तरुण मित्रांना आमचे सांगणे साधे आहे. दहा-बारा जण एकत्र या, कॅमेरे आणि दिवे सामायिक घ्या, दर ठरवा, प्रत्येक कामाचा लेखी कागद करा, आणि काढलेल्या प्रत्येक चित्राची एक प्रत आपल्याजवळ जपून ठेवा. सहकाराची परंपरा असलेल्या या राज्यात ही काही मोठी क्रांती नव्हे.

आणि त्यांतल्या कोणी ‘सावकारी पाश’ नव्याने काढायचे ठरवले, तर जागेसाठी कोल्हापूरला जाण्याची गरज नाही. आमच्या कचेरीच्या दारातून निघून वीस मिनिटे चालावे; झोपडी सापडेल, कुत्राही सापडेल.

आपण इतका वेळ शांतपणे ऐकून घेतलेत, याबद्दल आम्ही आपले ऋणी आहोत. सावकारावर इतके बोलून झाल्यावर हा शब्द तोंडी येऊ नये हे खरे. परंतु या ऋणाला व्याज नाही, म्हणून तो आम्ही निर्धास्तपणे वापरतो.